ताराबाई शिंदे आपल्या बुलडाण्याच्या, मग आपल्याच गावांत त्यांना कोणी ओळखत का नाही?

उमा_मेहकर
नमस्कार मंडळी. मी मेहकर तालुक्यात जिल्हा परिषद शाळेवर शिक्षिका आहे. गावातल्या वाचनालयात आम्ही बायकांचा एक वाचनगट चालवतो, संध्याकाळी जमतो, एकजण मोठ्यांदा वाचते आणि बाकीच्या ऐकतात कारण गटातल्या निम्म्या जणींना सलग वाचता येत नाही. पुढचं पुस्तक म्हणून मी ताराबाई शिंदे यांचं 'स्त्रीपुरुष तुलना' सुचवलं तर सगळ्यांना वाटलं कोल्हापूरच्या महाराणी ताराबाई. आपल्या बुलडाण्यात जन्मलेली, इथेच आयुष्य काढलेली बाई, १८८२ साली एवढं सडेतोड लिहून गेली आणि तिच्या जिल्ह्यातच तिचं नाव माहीत नाही याचं मला फार वाईट वाटलं.

पुस्तक १८८२ चं, पुण्यात छापलेलं. त्या १९१० मध्ये गेल्या. आणि पुस्तक परत छापून आलं १९७५ मध्ये. म्हणजे मधली ९३ वर्षं जवळपास काहीच नाही. आता विद्यापीठात त्यांच्यावर पेपर निघतात, इंग्रजीत भाषांतर झालंय, सगळे म्हणतात उशिरा का होईना दखल घेतली गेली. माझं म्हणणं एवढंच आहे की ती दखल अजून मलकापूरचा घाट चढून वर आलेली नाही. ज्यांच्यासाठी त्यांनी लिहिलं त्या बायकांपर्यंत पुस्तक पोचलं नाही तर दखल घेतली असं म्हणायचं का?

दोन गोष्टी विचारायच्या होत्या. तुमच्यापैकी कोणी हे पुस्तक पूर्ण वाचलंय का, आणि गावात मोठ्यांदा वाचायचं तर कुठून सुरुवात करावी? भाषा दीडशे वर्षांपूर्वीची आहे, वाक्यं लांबलचक आहेत. आणि खरं सांगायचं तर गावातली माणसं काय म्हणतील हाही प्रश्न आहेच.

शेगाव_कचोरी
नाव ऐकलंय, वाचलं नाही. धागा वाचतोय.

वऱ्हाडी_गडी
उमाताई, मी बी नाई वाचलं. पन एक सांगा, बाई बुलडान्याची अन पुस्तक पुन्याले छापलं, असं काऊन? अन तिले शिकवलं कोनं त्या जमान्यात?

जुनी_पाने
@वऱ्हाडी_गडी, तुमच्या प्रश्नाचं उत्तर जरा लांब आहे.

ताराबाईंचा जन्म १८५० चा, बुलडाण्यातला. वडील बापूजी हरी शिंदे हे बुलडाण्याच्या डेप्युटी कमिशनरच्या कचेरीत हेडक्लार्क होते. वऱ्हाड १८५३ मध्ये निजामाकडून इंग्रजांच्या कारभारात आला, त्यामुळे इथे नवीन कचेऱ्या उभ्या राहत होत्या आणि इंग्रजी जाणणाऱ्या माणसाला किंमत होती. बापूजी जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक समाजाचे सभासद, म्हणजे १८७३ नंतरच्या त्या पहिल्या फळीतले. आसपास मुलींची शाळा नव्हती म्हणून त्यांनी लेकीला घरीच मराठी, संस्कृत आणि इंग्रजी शिकवलं. चार भावांत ही एकटी बहीण. लग्न लहानपणी झालं पण नवरा घरजावई म्हणून आला, त्यामुळे सासरी जाऊन पदराखाली राहायची वेळ आली नाही. मूलबाळ नव्हतं. माझ्या मते लिहायला मिळालेली मोकळीक यातूनच आली. सासर पडलं असतं तर हे पुस्तक झालंच नसतं असं मला वाटतं.

छपाईचं म्हणाल तर तेव्हाची सत्यशोधकी माणसं, वर्तमानपत्रं, छापखाने बहुतेक पुण्यामुंबईकडेच. पुस्तक पुण्याच्या श्री शिवाजी छापखान्यात छापलं, किंमत नऊ आणे, प्रती पाचशे. पाचशे प्रतींचं पुस्तक शंभर वर्षं कोणी परत छापलं नाही तर ते कुठल्यातरी कपाटात जाऊन पडणारच.

वऱ्हाडी_गडी
बाप्पा! बुलडान्याले तर अजून बी रेल्वे नाई. आमाले आज बी गाडी पकडाले मलकापूरले उतरा लागते. अन ते हस्तलिखित पुन्याले पोचलं. बाईची जिद्दच म्हना.

पैनगंगाकाठ
वाचलंय, पूर्ण. आणि मला थोडा वेगळा सूर लावायचाय. पुस्तक धारदार आहे यात वाद नाही, पण हल्ली त्यांना 'पहिल्या स्त्रीवादी लेखिका' एवढं बिरुद लावून मोकळं होतात, ते मला पटत नाही. तीन गोष्टी. एक, मुक्ता साळवे, फुल्यांच्या शाळेतली मांग समाजातली मुलगी, तिचा निबंध १८५५ मध्ये 'ज्ञानोदय' या नियतकालिकात आलाय, तो ताराबाईंच्या आधी सत्तावीस वर्षं. दोन, ताराबाईंच्या लिखाणात घरंदाज बायकांची दुःखं जास्त आहेत, विधवेला लग्नबंदी, घरात कोंडून ठेवणं वगैरे. आमच्याकडे शेतमजुरी करणाऱ्या बाईला घरात कोंडायला घरात तेवढी जागाही नसते. तीन, त्या इंग्रज सरकारचं कौतुक करतात. या गोष्टी न सांगता नुसती आरती ओवाळायची तर मग वाचायचं कशाला?

रोहिणी_यवतमाळ
पैनगंगाकाठ भाऊ, तुमच्या तिन्ही गोष्टी मी वाचल्या. पहिली मान्य. मुक्ता साळवेचं नाव पहिल्यांदा घ्यायलाच हवं. दुसरीवर मात्र मला बोलायचंय.

मी आर्णीकडची. माझे मालक गेले त्याला आता बरीच वर्षं झाली, कर्जापायी गेले, जास्त सांगत नाही. त्यानंतर घरात कोंडलं नाही कोणी मला, कारण कपाशी वेचायला मीच जाणार होते. पण लग्नात हळद लावायला बोलवत नाहीत, संक्रांतीला वाण द्यायला बोलवत नाहीत, नव्या नवरीची ओटी भरायला पुढे होऊ देत नाहीत. शेतात चालते, मांडवात चालत नाही. सातबाऱ्यावर नाव लावायला गेले तर घरातल्याच माणसांनी आडवं लावलं. ताराबाईंनी विधवेबद्दल लिहिलंय की तिचं दर्शन लग्नकार्यात अशुभ मानता, मग तेच नियम बायको मेलेल्या पुरुषाला का नाहीत, तो तर लगेच दुसरी शोधायला लागतो. हे मी वाचलं तेव्हा मला ही बाई घरंदाज आहे की कोण आहे याचं काही वाटलं नाही. माझ्याबद्दल लिहिलंय असंच वाटलं.

उमा_मेहकर
रोहिणीताई, हे तुम्ही इथे लिहिलंत त्याबद्दल मनापासून आभार.

मास्तर_खामगाव
पैनगंगाकाठ यांच्या तिसऱ्या मुद्द्याबद्दल. इंग्रजी राज्याचं कौतुक फुलेही करतात. पेशवाईत ज्यांना अक्षरओळख नाकारली त्यांच्या घरात पहिल्यांदा पाटी-पेन्सिल आली ती या काळात, त्यामुळे त्यांचा हिशोब आपल्यापेक्षा वेगळा होता. आज स्वातंत्र्याच्या लढ्याची सगळी गोष्ट ठाऊक असलेल्या माणसाने १८८२ च्या बाईला जाब विचारणं मला योग्य वाटत नाही. मात्र त्यांनी ते लिहिलं आहे हे गाळूही नये, यात मी तुमच्याच बाजूला.

तेव्हाचं वातावरणही लक्षात घ्या. त्याच १८८२ साली पंडिता रमाबाई पुण्यात आल्या, आर्य महिला समाज काढला, 'स्त्रीधर्मनीति' लिहिली. त्याच वर्षी सरकारने शिक्षणाच्या चौकशीसाठी नेमलेल्या हंटर कमिशनपुढे रमाबाईंची आणि फुल्यांची निवेदनं आली. पुढच्या वर्षी आनंदीबाई जोशी डॉक्टरकी शिकायला अमेरिकेला निघाल्या. म्हणजे पुण्यामुंबईत बायकांच्या शिक्षणावर नुसता गदारोळ होता आणि त्यात बुलडाण्यातून ही बाई एकदम तलवार उपसून उभी राहिली.

शेगाव_कचोरी
पण नेमकं झालं काय होतं? एवढा संताप कशाचा होता?

जुनी_पाने
सुरतेकडची विजयालक्ष्मी. चोवीस वर्षांची ब्राह्मण विधवा. तिला दिवस गेले, बाळ झालं आणि बदनामीच्या भीतीने ते मारलं म्हणून तिच्यावर खटला झाला. १८८१ मध्ये आधी फाशीची शिक्षा, मग अपिलात काळ्या पाण्याची, नंतर ती आणखी कमी झाली. यावर वर्तमानपत्रांत जे सुरू झालं ते आजच्या कमेंट्ससारखंच होतं, सगळा दोष बाईला, ज्या पुरुषापासून दिवस गेले त्याचं कुठे नावच नाही. 'पुणेवैभव' मध्ये तर एका विजयालक्ष्मीवरून सगळ्या बायकांना दुर्गुणी ठरवणारं लिहून आलं. ताराबाईंनी लेखणी उचलली ती त्यावर उत्तर म्हणून.

आणि उत्तर कसं दिलं बघा. बायकांवर जे जे आरोप पूर्वीपासून करत आले, साहसी, कपटी, अविचारी, संशयाचं घर वगैरे, ते एकेक उचललं आणि विचारलं, हे बायकांत जास्त की पुरुषांत जास्त? लाच कोण खातो, खोटे दस्तऐवज कोण करतो, दुसऱ्याच्या बायकोला फसवून गावाबाहेर कोण नेतो आणि मग वाऱ्यावर सोडतो? पुराणातले देव, ऋषी यांनाही सोडलं नाही. विधवाविवाहाच्या नुसत्या सभा भरवून ठराव करणाऱ्या सुधारकांनाही नाही. त्या काळच्या 'मुक्तामाला', 'मंजुघोषा' सारख्या कादंबऱ्यांत बायका कशा रंगवल्यात त्याचाही समाचार घेतला. म्हणजे मराठीतली समीक्षाच म्हणा ना, स्त्रीच्या बाजूने केलेली, १८८२ मध्ये.

वऱ्हाडी_गडी
हे भल्लं आवडलं. आमच्या बुढीचं बी असंच होतं. ओट्यावर बसून एक एक जनाचं नाव घेऊन हिसोब काढे, मंग समोरचा मानूस पान्याच्या बहान्यानं उठून जाये. ताराबाई तशाच वाटून राह्यल्या मले.

पैनगंगाकाठ
@रोहिणी_यवतमाळ, तुमचा मुद्दा मला लागला, ताई. मी लिखाणातली उदाहरणं कोणाची आहेत ते म्हणत होतो, ते अजूनही म्हणतो. पण वाचणारी बाई त्यातून स्वतःचं काय उचलते हे वेगळं, आणि ते तुम्ही माझ्यापेक्षा जास्त जाणता.

मला आणखी एक विचारायचंय. फुल्यांनी ताराबाईंची बाजू घेतली म्हणतात, ते कुठे?

जुनी_पाने
फुल्यांच्याच 'सत्सार' या नियतकालिकाच्या दुसऱ्या अंकात, १८८५ मध्ये. पुस्तकावर टीका झाली, तीही आपल्याच गोटातून, तेव्हा फुल्यांनी ताराबाईंना 'चिरंजीविनी' म्हणत त्यांची पाठराखण केली. म्हणजे लेकीसारखं मानलं. पण त्यानंतर ताराबाईंचं दुसरं पुस्तक आलं नाही. बत्तिसाव्या वर्षी हे लिहिलं आणि पुढे अठ्ठावीस वर्षं जगल्या. मला या पूर्ण गोष्टीत सगळ्यात जास्त हे टोचतं. आपण सारखं म्हणतो पुस्तक हरवलं होतं, सापडलं. जी पुस्तकं लिहिलीच गेली नाहीत ती कुठून शोधायची?

रोहिणी_यवतमाळ
खरंय.

सातपुडा
थोडं विषयांतर करतो, पण आपल्याच मातीतलं आहे म्हणून. वऱ्हाडात लिखाण झाकून पडायची ही पहिली वेळ नाही. मराठीतला पहिला गद्य चरित्रग्रंथ 'लीळाचरित्र' म्हाइंभटांनी रचला तो आपल्या अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला, तेराव्या शतकात. मराठीतली आद्य कवयित्री म्हणतात ती महदाइसा, तिचे धवळे, म्हणजे लग्नगीतं, पण रिद्धपूरचेच. आणि म्हाइंभटांच्या महानुभाव पंथाने ही पोथी पुढे सकळ लिपीत, म्हणजे सांकेतिक अक्षरात ठेवली, त्यामुळे शेकडो वर्षं बाहेरच्या माणसाला वाचताच येत नव्हती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ती लिपी उलगडली तेव्हा कुठे मराठी अभ्यासकांना कळलं की आपल्याकडे एवढं मोठं गद्य आहे. आता रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ झालंय. महदाइसेपासून ताराबाईंपर्यंत, बायकांचं लिहिलेलं आपल्या भागात आहे, ते नुसतं बाहेर काढून वाचायला पाहिजे.

मास्तर_खामगाव
सातपुडा, विषयांतर असलं तरी चांगलं केलंत. फक्त फरक एक आहे. महानुभावांनी पोथ्या जपून, स्वतःहून झाकून ठेवल्या होत्या. ताराबाईंचं पुस्तक छापलेलं, विकायला ठेवलेलं होतं, त्यावर टीकाही झाली होती. ते झाकलं नव्हतं, वाङ्मयाचा इतिहास लिहिणाऱ्यांनी त्याला जागा दिली नव्हती. बहिणाबाईंचं पण बघा, आसोद्याच्या, जळगावकडच्या. त्या १९५१ ला गेल्या, मुलाने उतरवून ठेवलेल्या ओव्या आचार्य अत्र्यांनी पाहिल्या आणि १९५२ ला पुस्तक आलं. वर्षभरात महाराष्ट्राच्या तोंडी ओव्या. ताराबाई गेल्यावर मात्र त्यांच्या पुस्तकाला ६५ वर्षं कोणी हात लावला नाही. मला वाटतं संसार, माहेर, शेत यावर गोड ओवी म्हटलेली बाई लोकांना लवकर जवळची वाटते. पुरुषाला तोंडावर जाब विचारणारी बाई जवळची वाटायला वेळ लागतो.

शेगाव_कचोरी
सर, बहिणाबाईंना पण उगाच 'गोड' करू नका, त्यांचंही बोलणं चांगलंच लागतं. पण मुद्दा पटला.

जुनी_पाने
१९७५ चंही सांगतो. स. गं. मालशे, मराठीचे मोठे संशोधक. त्यांनी ही मूळ प्रत उजेडात आणली आणि प्रस्तावना लिहून मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयातर्फे पुस्तक परत छापलं. ते नेमकं आंतरराष्ट्रीय महिला वर्ष होतं. पुढे विलास खोले यांनी संपादित केलेली आवृत्ती आली. १९९१ च्या भारतीय स्त्रियांच्या लेखनाच्या मोठ्या इंग्रजी संग्रहात उतारा गेला, १९९४ ला रोझलिंड ओ'हॅनलन यांचं पूर्ण इंग्रजी भाषांतर आलं. आज दिल्लीत, लंडनमध्ये इतिहास शिकणारी पोरं ताराबाई वाचतात.

पुण्यातला_वऱ्हाडी
आणि छत्रपती संभाजीनगरच्या विद्यापीठात त्यांच्या नावाने स्त्री अभ्यास केंद्र आहे. मराठवाड्याने नाव दिलं, चांगलंच केलं. पण आपल्या विदर्भात काय? बुलडाण्यात एखाद्या चौकाला, एखाद्या वाचनालयाला, मुलींच्या वसतिगृहाला नाव द्यायला काय हरकत आहे? मी तर म्हणतो आपण सगळ्यांनी मिळून निवेदन द्यावं.

पैनगंगाकाठ
निवेदन द्या, पण आधी वाचा. चौकाला नाव दिलं की लोकांना वाटतं काम झालं.

पुण्यातला_वऱ्हाडी
दोन्ही करू ना भाऊ. पाटी लागली तर एखादं पोट्टं तरी विचारेल की ह्या ताराबाई कोण.

वऱ्हाडी_गडी
आमच्याकडून सिंदखेडराजा जवळ हाय. १२ जानेवारीले जिजाऊ जयंतीले लाखो लोक येतेत, पुस्तकाचे स्टॉल लागतेत रांगीनं. तिथं भेटंल का हे पुस्तक?

मास्तर_खामगाव
मिळायला हवं. सत्यशोधकी आणि फुले-आंबेडकरी साहित्याचे स्टॉल तिथे असतातच, त्यांच्याकडे विचारा. छोट्या स्वस्त आवृत्त्या निघालेल्या आहेत.

आता उमाताईंच्या मूळ प्रश्नाकडे येऊ या, आपण फार लांब गेलो. मी शाळेत असताना दहावीच्या पोरींना यातला एक भाग वाचून दाखवायचो. सावित्रीचा. ताराबाई विचारतात की सावित्री नवऱ्याचा प्राण परत आणायला यमाच्या दारापर्यंत गेली, पण बायकोसाठी यमाच्या नुसत्या वाटेवर तरी पाऊल टाकलेला एखादा पुरुष कोणी ऐकलाय का? वडाला सूत गुंडाळणाऱ्या प्रत्येक बाईला सावित्री ठाऊक आहे, त्यामुळे समजावून सांगावं लागत नाही. पोरी आधी हसायच्या, मग भांडायला लागायच्या. तिथून सुरुवात करा.

रोहिणी_यवतमाळ
सर, सावित्रीचा भाग छानच आहे. पण वटपौर्णिमा येते जूनमध्ये, तेव्हा पेरणीची घाई. बाई वावरातून येऊन भाकरी थापणार की वाचायला येणार? मी म्हणते संक्रांतीत करा. कपाशीची वेचणी उरकत आलेली असते, तुरीला थोडा वेळ असतो, रथसप्तमीपर्यंत घरोघरी हळदीकुंकू सुरूच असतं आणि बायका तशाही जमतात. आणि उमाताई, तुम्ही बोलवाल तर एकच करा. गावातल्या सगळ्या विधवांना बोलवा, त्यांनाही कुंकू लावा, वाण द्या, आणि मग ताराबाईंचा विधवेवरचा भाग वाचा.

शेगाव_कचोरी
हे जबरदस्त होईल. पण गावात गोंधळ नाही का होणार? उमाताई नोकरीवाल्या आहेत, उद्या कोणी तक्रार केली तर?

उमा_मेहकर
तीच काळजी आहे. सासूबाई लोकच आधी उठून जातील असं वाटतं.

पुण्यातला_वऱ्हाडी
तक्रारीचं भ्या बाळगू नका. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने ४ मे २०२२ ला विधवा प्रथा बंद करायचा ठराव केला, बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं, मंगळसूत्र तोडणं सगळं बंद. त्यानंतर दोन आठवड्यांतच, १७ मे ला, राज्य सरकारने परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींनी तसंच करावं असं सांगितलं. ते परिपत्रक सरपंचांना दाखवा, ग्रामसेवकांना दाखवा. तुम्ही सरकारने सांगितलेलंच करताय. १८८२ मध्ये ताराबाईंनी सांगितलं होतं आणि २०२२ मध्ये परिपत्रक निघालं.

पैनगंगाकाठ
सरपंचबाई असतील तर त्यांनाच वाचायला लावा.

वऱ्हाडी_गडी
अन सरपंचबाईचे मालक बाजूले बसून वाचून राह्यले तर? आमच्या गावात तर सगळं मालकच करते.

पैनगंगाकाठ
मग ताराबाईंनी मालकांवर लिहिलेलं पान काढून द्या त्यांच्या हातात.

वऱ्हाडी_गडी
सहा महिने गावात हाच विषय चालंन.

नलूमावशी
मी इथे फारसं लिहीत नाही, पण राहवलं नाही. मी वर्धेकडची, १९८६ ला शरद जोशींच्या शेतकरी संघटनेचं चांदवडला महिला अधिवेशन झालं, त्याला आम्ही ट्रकमधून गेलो होतो. पुढे काही वर्षांनी गावात लक्ष्मीमुक्तीची चळवळ सुरू झाली, मालकांनी आपल्या हाताने बायकोच्या नावे जमीन करायची. माझ्या नावे झाली ती तेव्हाच. तेव्हा आम्ही रात्री देवळात बसून बोलायचो, बायका आणि माणसं एकत्र. आम्हाला तेव्हा ताराबाई माहीत असत्या तर किती बळ आलं असतं. आम्हाला वाटायचं असं बोलणाऱ्या आम्हीच पहिल्या. आपल्या अगोदर शंभर वर्षं कोणी हे बोललंय हे कळणं फार मोठी गोष्ट असते, बाळा. म्हणून उमा, तू वाच. आणि फक्त बायकांना नको बोलवू, माणसांनाही बोलव. ताराबाईंनी पुस्तक बायकांचा अभिमान धरून लिहिलं पण ते पुरुषांना उद्देशून आहे. त्यांनी ऐकलंच नाही तर अर्धं पुस्तक वाया जाईल.

रोहिणी_यवतमाळ
मावशी, तुमच्या नावे जमीन झाली हे वाचून फार बरं वाटलं.

जुनी_पाने
नलूमावशी, तुमचा शेवटचा मुद्दा अगदी अचूक आहे. पूर्ण पुस्तकात त्या पुरुषांना समोर बसवून 'तुम्ही, तुम्ही' करत बोलतात. मोठ्यांदा वाचायला म्हणूनच ते सोपं जातं. डोळ्यांनी वाचताना वाक्य संपता संपत नाही, पण आवाजात घेतलं की श्वास कुठे घ्यायचा ते आपोआप कळतं. उमाताई, जुने शब्द बदलू नका, एखाददुसरा अडला तर थांबून सांगा.

आणि वाटायला झेरॉक्स काढायच्या तर हक्कांची काळजी करू नका. लेखिका १९१० मध्ये गेल्या, आपल्याकडे मृत्यूनंतर साठ वर्षांनी हक्क संपतो, त्यामुळे मूळ मजकूर कोणीही छापू शकतं. संपादकांच्या प्रस्तावना आणि टिपा मात्र त्यांच्या, त्या कॉपी करू नका. मूळ मजकूर मोठ्या अक्षरात टाइप करून घेतला तर गटातल्या नव्याने वाचायला शिकलेल्या बायकांनाही चालेल.

शेगाव_कचोरी
टाइप करायला मी तयार आहे. रात्री दुकान बंद केल्यावर वेळ असतो. सावित्रीचा आणि विधवेचा भाग आधी करतो. कोणाकडे स्वच्छ प्रत आहे?

मास्तर_खामगाव
माझ्याकडे आहे. शेगावला मी गुरुवारी दर्शनाला येतो, तेव्हा दुकानावर आणून देईन.

पैनगंगाकाठ
त्याच फाइलमध्ये मुक्ता साळवेचा निबंध पण घ्या. तो छोटाच आहे, तो मी टाइप करतो. त्या संध्याकाळी दोन्ही वाचा, आधी मुक्ता, मग ताराबाई. शेतमजूर बायकाही बसलेल्या असतील, त्यांना पण त्यांची बाई मिळू द्या.

उमा_मेहकर
हे फारच छान. ठरलं मग, संक्रांतीनंतर, आधी मुक्ता साळवे, मग ताराबाईंची सावित्री, मग विधवेचा भाग. जागा वाचनालयाची नाही, शाळेच्या पटांगणात घेते म्हणजे पुरुषही येतील. मुख्याध्यापकांशी आजच बोलले, त्यांनी हो म्हटलं, फक्त परिपत्रकाची प्रत मागितली. @पुण्यातला_वऱ्हाडी, ती मला पाठवाल का? आणि रोहिणीताई, विधवेचा भाग वाचायला तुम्ही याल का? आर्णीहून लांब पडेल हे माहीत आहे, राहायची सोय माझ्याच घरी.

पुण्यातला_वऱ्हाडी
पाठवलं. इनबॉक्स बघा.

रोहिणी_यवतमाळ
येते. एसटीची वेळ बघून कळवते. एक विचारायचं होतं, मी आधी दोनचार वेळा घरी वाचून बघीन, तर मला तेवढा भाग लवकर टाइप होऊन मिळेल का?

शेगाव_कचोरी
तुमचाच भाग पहिला करतो, ताई.